पावणेपाच वर्षं

१४ जुलै २०२४, रविवार

"घर छान आहे. बँकेचं आहे, जपून वापरा."

वास्तुशांतीच्या दिवशी दारात चपला काढताना बाबा असं म्हणाले होते. तोंडावर मास्क होता, त्यामुळे हसताहेत की नाही ते कळलं नाही. मी चिडले होते. सगळा जन्म शनिवार पेठेत भाड्याच्या दोन खोल्यांत काढलेल्या माणसानं लेकीच्या पहिल्यावहिल्या स्वतःच्या घरात शिरताना हे बोलावं? सौमित्र मात्र खो खो हसला होता. माझ्या वडिलांचं बोलणं माझ्यापेक्षा माझ्या नवऱ्यालाच जास्त कळायचं.

आज ते वाक्य का आठवलं कोण जाणे. बाबांना जाऊन या ऑक्टोबरात वर्ष होईल. शेवटचे नऊ-दहा महिने ते इथेच, वारज्याला, आमच्याकडे होते. तनयाची खोली त्यांना दिली होती. ती अजूनही हॉलमध्येच झोपते. म्हणते, "आई, मला इथेच छान झोप लागते." एकोणीस वर्षांच्या मुलीला काय, कुठेही झोप लागते.

सौमित्र सकाळी साडेसहालाच खडकीला गेला. कारखान्यात ओव्हरटाइम आहे म्हणे. यंदा जवळजवळ दर रविवारी असतो. मी म्हटलं, "तुला घरात करमत नाही का रे?" तर म्हणाला, "करमतं की. पण तिकडचा चहा बरा असतो." गंमत केली हे कळलं मला, तरी वाईट वाटलं. बाबा गेल्यापासून घर फार शांत झालं आहे. त्याला ते सोसत नसेल.

माझ्या जुन्या शाळेतून मुख्याध्यापिका शर्मिलाबाईंचा फोन येऊन गेला. हात कणकेचे होते, उचलला नाही.

१६ जुलै, मंगळवार

सौमित्रचं रिटर्न भरायचं आहे. त्यासाठी गृहकर्जाच्या व्याजाचा दाखला हवा होता. त्याला वेळ नाही, म्हणून त्याचं पत्र घेऊन मीच बँकेत गेले. कर्ज त्याच्या एकट्याच्या नावावर आहे. माझा शाळेचा पगार तेव्हा बँकेनं धरलाच नव्हता.

कर्जाच्या टेबलाशी निकिता नावाची मुलगी बसते. तनयापेक्षा पाच-सहा वर्षांनी मोठी असेल. दाखला छापता छापता तिनं विचारलं, "मॅडम, कर्जाचा विमा काढलाय ना? दोन हजार चाळीसपर्यंत आहे, म्हणून विचारलं."

मी म्हटलं, "छत्तीस."

"चाळीस, मॅडम. ऑक्टोबर."

"अहो, पंधरा वर्षांचं आहे. एकवीस साली सुरू झालं. एकवीस आणि पंधरा किती?"

"छत्तीसच," ती शांतपणे म्हणाली. "पण मधे व्याजदर वाढला ना. सातचा साडेनऊ झाला. हप्ता तोच ठेवला की मुदत वाढते."

"कुणी ठेवला तोच?"

तिनं आधी स्क्रीनकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "ते तुम्ही सरांनाच विचारा ना."

बँकवाल्यांची ही जुनीच पद्धत. चूक त्यांची, आणि विचारायचं आपण आपल्या नवऱ्याला.

दोन हजार छत्तीसच्या मार्चमध्ये सौमित्र निवृत्त होणार. त्याआधी दोन महिने कर्ज संपणार, आणि त्या नोव्हेंबरात तो आणि त्याचा कॉलेजपासूनचा मित्र अभिनव सायकलवर निघणार. वरंध घाटानं महाडला उतरायचं आणि किनाऱ्याकिनाऱ्यानं थेट गोव्यापर्यंत जायचं. मुक्काम कुठे, मासे कुठे खायचे, कुठली खाडी बोटीनं ओलांडायची, सगळं ठरलेलं आहे. आमच्याकडे कुठल्याही जेवणाला भाजी बिघडली की हा विषय निघतो.

हप्ता जाऊन पेन्शनमध्ये काय उरेल? साठीनंतर कुठेतरी दुसरी नोकरीच धरावी लागेल त्याला. चाळीस साली तो चौसष्ट वर्षांचा असेल. गुडघे तेवढे थांबतील का?

१७ जुलै, बुधवार

एकादशीची सुट्टी. खिचडी खाता खाता तनयाला सगळं सांगितलं. तिनं मोबाइलवर आकडे घातले आणि चमचा खाली ठेवला.

"आई, शॉकिंग आहे हे. पस्तीस लाख घेतले आपण. असंच चालू राहिलं तर चौऱ्याहत्तर देणार."

"काहीतरी चुकतंय तुझं."

"नाही चुकत. सुरुवातीला सगळं व्याजच जातं. साडेतीन वर्षांत मुद्दल किती कमी झालंय माहितीये? साधारण दहावा हिस्सा. म्हणजे बाल्कनी. लिटरली फक्त बाल्कनी सुटलीये."

मी उठून बाल्कनीत जाऊन उभी राहिले. तुळस, सौमित्रची सायकल, वाळत घातलेले दोन टॉवेल.

सौमित्र म्हणाला, "मग आजपासून चहा बाल्कनीतच घेऊ. मालक असल्यासारखं वाटेल."

"तुला गंमत सुचतेय! बँकेनं परस्पर पावणेपाच वर्षं वाढवली आहेत."

"जाऊ दे ना."

"जाऊ दे काय?"

तो ताटल्या गोळा करून आत गेला. याचं हे असंच. भाजीवाल्यानं पावशेर कमी तोललं तरी हा त्याला थँक्यू म्हणून येईल.

एक मात्र मला स्वतःला विचारायला हवं. एकतीस हजार चारशे एकोणसाठ हा हप्त्याचा आकडा मी झोपेतून उठवलं तरी सांगेन. पण सगळं मिळून किती जाणार, हे मी आजवर एकदाही विचारलं नव्हतं. डिसेंबर वीसमध्ये मुद्रांक शुल्क कमी होतं म्हणून आम्ही नोंदणी कार्यालयाच्या रांगेत धावत जाऊन उभे राहिलो. शुल्कात दीडेक लाख वाचले म्हणून कोपऱ्यावर उसाचा रस प्यायलो. हप्ता पगारात बसतोय ना, मग घर परवडलं, असंच आमच्या ओळखीतले सगळे मोजतात. कर्ज फेडायला किती वर्षं लागतील हे विचारलं होतं. ती वर्षं कुणाची, ते विचारलं नव्हतं.

२१ जुलै, रविवार

तो पुन्हा कामाला गेला. डब्यात मुद्दाम दोडका दिला.

शर्मिलाबाईंचा पुन्हा फोन, परत या म्हणायलाच असणार. तेव्हा कचरा न्यायला माणूस आला होता. आणि शाळेची बस हल्ली फार आडवळणानं जाते. आणि पावसाळ्यात माझी पाठ धरते. सप्टेंबरात बघू.

२७ जुलै, शनिवार

आज जे झालं ते नीट लिहून ठेवते.

मी बँकेसाठी तक्रार लिहिली होती. दोन पानी, चांगली खरमरीत. सौमित्र टेबलाशी मेथी निवडत बसला होता. त्याला वाचून दाखवली. "'आपल्या शाखेने आमच्या आयुष्यातील पावणेपाच वर्षे परस्पर गिळंकृत केली…'"

"गिळंकृत छान आहे," तो म्हणाला.

"त्या मुलीचंही नाव घालणार आहे. विचारलं तर सरळ उत्तर देत नाही."

तेव्हा त्याचे हात थांबले.

"निकिताचं? तिचं नको घालूस, शेफाली. तिनं उलट दोनदा फोन केला होता. सर, हप्ता वाढवा, मुदत वाढवू नका, फार महाग पडेल म्हणून."

"कुणाला फोन केला होता?"

"मला." त्यानं एक जुडी उगाच उलटीसुलटी केली. "मुदत मीच वाढवून घेतली. गेल्या वर्षी फेब्रुवारीत."

कुकरची शिट्टी झाली. ती कितवी ते मला कळलं नाही, मी गॅस बंदच केला.

"हप्ता पाच हजारांनी वाढला असता," तो म्हणाला. "तेवढे नव्हते तेव्हा."

"पाच हजार नव्हते आपल्याकडे?"

"नव्हते. तू जानेवारीत शाळा सोडली होतीस. बाबांसाठी रात्रीची बाई ठेवली होती. औषधं होती."

"मला सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं असतं तर तू शाळेत परत गेली असतीस."

खरं आहे. दुसऱ्याच दिवशी गेले असते. पाच हजारांसाठी गेले असते, आणि बाबांजवळ दिवसभर ती बाई बसली असती.

तक्रार हातात होती. त्यानं ती माझ्या हातातून घेतली, उलटी करून पाहिली आणि म्हणाला, "मागून कोरं आहे. वाण्याची यादी करायला होईल."

मी रडायला लागले. तो म्हणाला, "मेथी भिजेल." मग उठून माझ्याजवळ आला.

२८ जुलै, रविवार

बाबांचे ते महिने सारखे डोळ्यांपुढे येताहेत.

सकाळी मी त्यांना खिडकीशी बसवायची आणि ते समोरच्या बांधकामावर टीका करायचे. दुपारी पेपर वाचून दाखवायचा. मी पुढची बातमी सुरू केली की म्हणायचे, "थांब, आधीच्याला शिव्या देऊन झाल्या नाहीत." सौमित्र कामावरून आला की दाढी करायचा त्यांची. "जावई, दाढी करताय की लाकूड तासताय?" हे रोजचं. एकदा त्यांनी माझा हात धरून विचारलं होतं, "तुझी शाळा बरी सोडते गं तुला." मी म्हटलं, "रजा आहे, बाबा." त्यांना पटलं असावं. निदान पुढे काही विचारलं नाही.

त्या महिन्यांतला एकही दिवस मी परत द्यायला तयार नाही. पण मला वाटत होतं की ते दिवस मी दिले. सोडली ती माझी नोकरी, असं समजून मी वर्षभर मनात थोडी मोठी होऊन बसले होते.

आज तो बूट घालत असताना विचारलं, "आजसुद्धा?"

तो म्हणाला, "दोन रविवार केले की शेवटचा एक महिना गळतो."

"म्हणजे?"

"आत्ता सात हजार भरले तर शेवटचा अख्खा हप्ता कमी होतो. इतक्या लांबचा हप्ता आज स्वस्त पडतो, निकितानं गणित करून दाखवलंय. साठवतोय. दिवाळीला एकदम भरणार." मग दार ओढून घेता घेता म्हणाला, "आणि दोडका नको देत जाऊस. त्यानं माझा काय गुन्हा केलाय?"

गेले सहा महिने मी समजत होते, याला घर नको झालंय.

५ ऑगस्ट, सोमवार

निकिताला भेटून आले. आधी सांगून टाकलं, "तुझ्याविरुद्ध तक्रार लिहिली होती मी."

"मॅडम!" ती इतकी दचकली की मला तिच्यासाठी चहा मागवावा लागला. तिच्याच बँकेत, तिच्याच टेबलावर.

मग तिनं नीट समजावलं. गेल्या दीड वर्षात आम्ही साडेपाच लाखांच्या वर भरलेत, त्यातलं मुद्दलात गेलं जेमतेम सव्वा लाख. तेव्हाचे पाच हजार टळले, त्याचे शेवटी सतरा-अठरा लाख होतात. अजून उशीर झालेला नाही. हप्ता आजपासून सहा हजारांनी वाढवला तर कर्ज पुन्हा छत्तीस सालीच संपेल.

"पण वाढवायचा तर सही सरांचीच लागेल," ती म्हणाली.

"पैसे माझ्या खात्यातून गेले तर चालतील?"

"चालतील की. पण सर म्हणाले होते की मिसेसना यात ओढायचं नाही." मग जीभ चावून म्हणाली, "हे मी बोलले नाही हं, मॅडम."

निघताना सांगत होती, सर दर महिन्याला येऊन विचारतात, आत्ता भरले तर किती महिने कमी होतील. एकदा वरंध घाटात पाणी कुठे मिळतं तेही तिला सांगून गेले म्हणे.

१४ ऑगस्ट, बुधवार

शर्मिलाबाईंना फोन केला. आठवडाभर लिहायचं टाळत होते ते लिहिते: बस आडवळणानं जात नाही. शाळा दाराशी असती तरी मी गेले नसते. सकाळी सातला दाराला कुलूप घातलं की आतल्या, बाबांच्या खोलीत कुणी उरत नाही, एवढंच काय ते. घरात बसून मी कुणाची वाट बघते आहे, हे मला कळत नाही असं नाही.

बाई नेहमीप्रमाणे तुटक. "तिसरीचा वर्ग आहे. चाळीस मुलं. दोन शिक्षिका पळून गेल्या. येताय?"

"किती द्याल?"

"पूर्वीपेक्षा दीड हजार जास्त. आणि डोकेदुखीची गोळी मोफत."

दोन सप्टेंबरपासून येते म्हणून सांगितलं. फोन ठेवला. मग आतल्या खोलीचं दार उघडून पंखा लावून ठेवला. तनया कॉलेजातून आली, पंख्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि तिचं दप्तर त्या पलंगावर नेऊन ठेवलं. रात्री तिथेच झोपली. हॉलमध्येच झोप लागते म्हणणारी मुलगी! या वयात आवडी किती पटकन बदलतात.

२४ ऑगस्ट, शनिवार

आज विचारलं. सौमित्र सायकलच्या साखळीला तेल देत होता.

"माझा पगार सुरू होतोय. त्यातले सहा हजार वाढीव हप्त्याला जातील. तू फक्त सही कर. आणि रविवारी घरी राहा."

"नको."

"का?"

"तुझा पगार तुझा. साड्या घे. तनयाला काहीतरी घे. शाळेत परत जायचं तर स्वतःच्या मनानं जा, माझ्या कर्जासाठी जायचं नाही."

"माझं कर्ज काय? घर काय एकट्याचं आहे?"

त्यानं साखळी एकदा फिरवली. मग मान वर न करता म्हणाला, "घराचं बोलत नाहीये मी. ती पावणेपाच वर्षं मी तुला आणि बाबांना दिली. आहेर केला असं समज. आहेर केलेल्याचे पैसे कुणी परत घेतं का?"

मी तेलाचा डबा उचलून ठेवला. त्याला मी माझ्यापेक्षा भित्रा समजत आले, वीस वर्षं. भाजीवाल्याशी भांडत नाही म्हणून.

२५ ऑगस्ट, रविवार

गेला. डब्यात भरलं वांगं दिलं. संध्याकाळी येऊन सोफ्यावर बसला तो बूट न काढताच झोपला. बूट मी काढले. डाव्या पायाचा घोटा सुजलेला होता. उठल्यावर विचारलं तर म्हणाला, "बूट नवे आहेत." बूट गेल्या दिवाळीचे आहेत.

३१ ऑगस्ट, शनिवार

परवापासून शाळा. दोन साड्या इस्त्रीला टाकल्या.

संध्याकाळी अभिनव आला होता. कोकणाचा विषय निघालाच. अभिनव म्हणाला, "आपण आधीच जाऊन येऊ या का रे, रजा टाकून?" सौमित्र म्हणाला, "छे, छे. मोकळेपणानं जायचं. डोक्यावर काही नको." आणि हसला. मी चहा गाळत होते. त्या हसण्यात कुठेच कुरकुर नव्हती, म्हणूनच मला ते सहन झालं नाही. हा माणूस चौसष्टाव्या वर्षी सुजल्या पायानं सायकलवर बसेल, आणि कुणी विचारलं तर म्हणेल, बूट नवे आहेत.

अभिनव गेल्यावर दुसऱ्यांदा विचारलं. "निदान तीन हजार तरी?"

"भाजी मंडईत घासाघीस करतेस तशी करू नकोस," तो म्हणाला. "नाही म्हणजे नाही. शेफाली, झालं ते झालं, आणि चांगलं झालं."

चांगलं झालं यावर माझा वाद नाही. पण या आठवड्यात एक गोष्ट माझ्या लक्षात आली आहे. हा समजतो की दिलं म्हणजे संपलं. घेणाऱ्यालाही काही वाटत असतं, हे याच्या गणितात कुठेच येत नाही. मला त्याचे उपकार फेडायचे नाहीत. माझ्या वडिलांजवळ मी बसले त्याची किंमत दुसऱ्याच कुणीतरी एकट्यानं, दर रविवारी खडकीला जाऊन मोजत राहायची, हे मला झेपत नाही. तनया लहानपणी आजारी पडायची तेव्हा आम्ही रात्र वाटून घ्यायचो. दोनपर्यंत तो, मग मी. कुणी कुणाला थँक्यू म्हटलं नाही.

त्यामुळे उद्या सकाळी तो बूट घालायला बसला की मी तिसऱ्यांदा विचारणार आहे. या वेळी सहा हजार म्हणणार नाही, हप्ता म्हणणार नाही, बँकेचं नावच काढणार नाही. तो नाहीच म्हणेल. काहीतरी मिश्कील बोलेल आणि डबा मागेल. तरी विचारणार:

सौमित्र, बाबा माझे होते रे. त्यातली निम्मी वर्षं मला फेडू दे.